मला तुटता येत नाही

मित्रांनो, मी एक जुनी तार आहे आणि मला एका जागी स्वस्थ बसवत नाही. तुम्ही म्हणाल, तारेला कसलं आलंय बसणं नि उठणं? पण खरंच सांगते. सध्या मला एका पाळणाघरात, कपडे वाळवायच्या यंत्राच्या वर, भिंतीतल्या खिळ्याला अडकवून ठेवलं आहे. काम काही नाही. तरी पंख्याचा वारा आला की मी हलते, खालचं यंत्र सुरू झालं की थरथरते, आणि ते बंद होईपर्यंत माझा जीव थाऱ्यावर नसतो. असं का होतं ते सांगायचं तर आधी माझीच फजिती सांगावी लागेल. सांगते. झाकली मूठ आता झाकून ठेवण्यात काही अर्थ नाही.

मी हातभर लांब आहे. आत तांब्याचे केसासारखे बारीक धागे, वर लाल प्लास्टिकचं आवरण आणि दोन्ही टोकांना दाते असलेले दोन चिमटे. आवरण मधोमध वितळून काळं पडलं आहे. ते कसं झालं हे पुढे येईलच.

कारखान्यातून निघाले तेव्हा मी एका मोठ्या रिळावर बहिणींसोबत गुंडाळलेली होते. त्यांच्यातल्या कुणी घराच्या भिंतीत गेल्या, कुणी दिव्याला लागल्या, कुणी पंख्याला. जिथे गेल्या तिथे कायमच्या नांदल्या. माझ्या नशिबी मात्र कायमचं घर नव्हतं. मला कापलं तेच मुळी तात्पुरत्या कामासाठी.

कापणारे होते दुरुस्तीवाले काका. कपडे धुण्याची, वाळवण्याची, भांडी घासण्याची यंत्रं ते दुरुस्त करायचे. एका शटरचं दुकान, एक स्कूटर, आणि खांद्याला एक कातडी पिशवी. तिच्या बाहेरच्या कप्प्यात माझी जागा होती. आत पकडी, पाने आणि स्क्रू यांची अखंड खडखड चाले, आणि त्या गर्दीतून काका न बघता नेमकं मलाच ओढून काढत.

माझं काम सोपं होतं. वाळवायच्या यंत्राच्या पोटात, गरम हवेच्या वाटेवर, एक छोटासा पांढरा फ्यूज बसवलेला असतो. जेमतेम अंगठ्याच्या पेराएवढा. सगळी वीज त्याच्यातून जाते. आतली उष्णता प्रमाणाबाहेर गेली की तो आतल्या आत तुटतो आणि यंत्र जागच्या जागी थांबतं. तो एकदाच तुटतो. मग त्याला जोडता येत नाही, नवाच बसवावा लागतो. एखादं यंत्र मुकं झालं की काकांना आधी या फ्यूजची शंका येई. ते प्लग काढत, मागचा पत्रा उघडत, फ्यूजच्या दोन्ही बाजूंच्या तारा सोडवत आणि मधल्या रिकाम्या जागी मला लावत. पत्रा पुन्हा टेकवून प्लग लावला आणि यंत्र फिरलं, की समजायचं, फ्यूज गेला. मिनिटभराचं काम. खरं म्हणजे काकांकडे मीटर होतं आणि त्यावर सगळं कळत असे. पण गिऱ्हाइकाचा काट्यावर विश्वास बसत नाही. यंत्र फिरताना डोळ्यांनी दिसलं की लगेच बसतो.

आणि काय कौतुक व्हायचं माझं! सकाळपासून हूं की चूं न करणारं यंत्र मी लागताच घरघर फिरू लागे. घरातली माणसं टाळी वाजवायची. काका मला सोडवून सांगत की ही नुसती तपासणी आहे, अजून फ्यूज बसवायचा आहे. ते कुणी कानावर घेत नसे. चालतंय ना, मग राहू द्या की तीच तार, असं म्हणणारे तर दर दोन घरांमागे एक भेटायचे. काका मान हलवून मला पिशवीत टाकत.

मला मात्र ते बोलणं फार गोड लागायचं. मी चढून गेले होते. फ्यूजना मी मनातल्या मनात नाजूकराव म्हणायची. जरा ऊन लागलं की मोडले! मी बघा, वीज येऊ दे नाहीतर आग, हूं नाही म्हणायची. माझ्यासारखीला हे लोक मिनिटभरात बाहेर काढतात आणि त्या नाजूकरावाला मानाने आत बसवतात, याचा मला राग यायचा. उथळ पाण्याला खळखळाट फार, तशी माझी गत होती.

आता काकांच्या घड्याळाबद्दल सांगायला हवं, कारण सगळी गोष्ट त्या घड्याळावर फिरली. काकांना हे काम शिकवणाऱ्या उस्तादांनी त्यांना एक शिस्त लावली होती. यंत्राच्या आत परकी वस्तू घातली की आपल्या अंगावरची एक वस्तू काढून ठेवायची. आत घातलेली वस्तू परत हातात आल्यावरच अंगावरची पुन्हा चढवायची. काकांनी त्यासाठी मनगटावरचं घड्याळ निवडलं. मी आत गेले की घड्याळ यंत्राच्या डोक्यावर. मी बाहेर आले की घड्याळ मनगटावर. इतक्या वर्षांत यात कधी चूक झाली नाही. मनगट मोकळं असलं की काकांना चुकल्याचुकल्यासारखं होई आणि ते मला शोधून काढत.

एकदा सकाळी एका पाळणाघरातून निरोप आला.

ते पाळणाघर चालवणाऱ्या बाईंना मुलं मावशी म्हणायची, म्हणून मुलांचे आईबापही मावशीच म्हणायचे, आणि काकाही. बारा मुलं. सगळी तीन वर्षांच्या आतली. म्हणजे दिवसाला किती लाळेरी, किती दुपटी, किती चादरी, याचा हिशेब तुम्हीच करा. मावशींचे सासरे, सगळ्यांचे आजोबा, कपड्यांच्या घड्या घालायचे. ते जुने शिंपी. डोळे अधू झाले होते, पण कापडाला बोट लागलं की त्याची जात, वय आणि दुखणं ते सांगत. यंत्र होतं एका लहान खोलीत, आणि तिच्या भिंतीपलीकडे मुलं झोपायची ती मोठी खोली.

यंत्र बंद पडून दोन दिवस झाले होते. खुर्च्यांवर, दारांवर, खिडक्यांच्या गजांवर ओली दुपटी लोंबत होती. काकांनी पत्रा उघडला, घड्याळ काढून वर ठेवलं आणि मला लावलं. पत्रा दोन स्क्रूंवर टेकवला आणि प्लग लावला. यंत्र फिरलं. मावशींनी हुश्श केलं. काका मागे वाकून सांगायला लागले की फ्यूज गेलाय, तो माझ्याकडे आत्ता नाही, आणि फ्यूज उगाच जात नाही, गरम हवेच्या पाइपात काहीतरी तुंबलं असणार. एवढ्यात त्यांचा फोन वाजला.

त्यांच्या मुलीला बाळंतपणासाठी दवाखान्यात न्यावं लागलं होतं. दिवस अजून भरले नव्हते. जावई घाबरून बोलत होता. काका ताडकन उभे राहिले. त्यांनी पाने गोळा केले, पिशवी उचलली आणि दाराकडे निघाले. मला वाटलं, आता मनगटाकडे बघतील आणि वळतील.

पण मावशी धावत त्यांच्या मागे गेल्या. अतिशय चांगल्या मनाने गेल्या. त्यांच्या हातात घड्याळ होतं.

"काका, घड्याळ विसरलात बघा. आणि इकडची काळजी करू नका, यंत्र मस्त चाललंय."

काकांनी घड्याळ घेतलं, मनगटावर बांधलं आणि गेले. मित्रांनो, मनगट भरलं आणि काम झाल्याची खूण पटली. मी आतच राहिले.

पहिल्या दिवशी मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू? शेवटी मलाही घर मिळालं. मावशी कौतुकाने सांगत होत्या की आता कपडे कसे अर्ध्या वेळात वाळतात. माझ्या शेजारी तो तुटलेला फ्यूज अजून आपल्या जागी स्क्रूने बसलेला होता. दोन्ही बाजूंनी मोकळा, मुका. मी त्याच्याकडे बघून म्हटलं, बघ, तुझ्याशिवाय अडलं का कुणाचं?

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत माझी मस्ती उतरली.

कारण आत फार गरम होत होतं. कपडे वाळताना त्यांच्यातून मऊ, राखाडी तूस निघतं. ते अडकायला दाराजवळ एक जाळी असते. ती मावशी आठवण झाली की साफ करायच्या, आणि बारा मुलांच्या घरात आठवण कधी होणार? जाळीतून निसटलेलं तूस पाइपात जाऊन साचलं होतं. गरम हवेला बाहेर जायला वाट नव्हती. ती माझ्याभोवतीच घोटाळत होती. कपडे लवकर वाळत होते ते यंत्र सुधारलं म्हणून नव्हे, तर आत भट्टी पेटली होती म्हणून.

आता सगळी भिस्त एकट्या थर्मोस्टॅटवर होती. थर्मोस्टॅट म्हणजे उष्णतेचा पहारेकरी. आच वाढली की टक् करून तो तापणारी जाड तार बंद करतो, आच कमी झाली की टक् करून पुन्हा सुरू करतो. पण हा पहारेकरी म्हातारा झाला होता. दिवसभरात त्याला शंभरदा उठबस करावी लागे. त्याचा प्रत्येक टक् आधीच्यापेक्षा उशिरा येऊ लागला. मी ते टक् मोजत बसायची. एक झाला की पुढच्याची वाट. तो आला की तेवढ्यापुरता जीव भांड्यात, आणि लगेच पुन्हा टांगणीला. पहारेकऱ्याचा डोळा लागलाच तर त्याच्यामागे उभा राहायला फ्यूज असतो. इथे फ्यूजच्या जागी मी होते.

आणि मला कळून चुकलं की मला तुटता येत नाही.

मी प्रयत्न केला. हसू नका. चिमट्याने पकड सोडावी म्हणून मी यंत्राच्या हादऱ्यांबरोबर स्वतःला झटके दिले. पण काकांनी मला नवे, घट्ट चिमटे बसवले होते. ज्या पकडीचा मी एवढा तोरा मिरवला तीच आता गळ्याशी आली. वीज आली की ती पुढे जाऊ द्यायची, याखेरीज मला दुसरं काही येतच नव्हतं.

आजोबांना मात्र कळलं होतं. चौथ्या दिवशी त्यांनी एका चड्डीचं इलॅस्टिक ओढून बघितलं, तर ते कुरकुरीत होऊन तुटलं. पाचव्या दिवशी एका झबल्याच्या बटणाने त्यांचं बोट पोळलं. ते सुनेला म्हणाले,

"कापड वाळत नाहीये गं, शिजतंय."

मावशी एका मुलाला भरवत होत्या आणि दुसऱ्याचं नाक पुसत होत्या. त्या म्हणाल्या, "बाबा, नुकतं दुरुस्त झालंय ना, म्हणून जोर आलाय त्याला."

आजोबांनी आणखी दोनदा तेच सांगितलं. म्हाताऱ्या माणसाचं बोलणं एकदा ऐकलं जातं, दुसऱ्यांदा हसण्यावारी जातं आणि तिसऱ्यांदा त्याला कुरकुर म्हणतात. आजोबा गप्प बसले. पण घडी घालण्याआधी ते प्रत्येक कपडा नाकाशी नेऊ लागले.

अकरावा दिवस उजाडला. सकाळी एकापाठोपाठ एक कपड्यांचे तीन घाणे निघाले आणि यंत्राला थंड व्हायला उसंत मिळाली नाही. दुपारी मावशींनी चादरींचा जड ढीग आत कोंबला, बटण दाबलं आणि दार ओढून घेतलं, आवाजाने मुलं उठू नयेत म्हणून.

एक ते तीन ही त्या घरातली झोपेची वेळ. ती फार कडक पाळली जायची. मावशींचा फोन मुका. दाराची घंटा बंद. दारावर पाटी, 'मुले झोपली आहेत, कृपया घंटा वाजवू नये.' बारा मुलं ओळीने झोपत, त्यांच्यातच कुठेतरी आजोबाही झोपत, कारण एका पोरीला त्यांच्या सदऱ्याचं टोक धरल्याशिवाय झोप लागत नसे. मावशीही भिंतीला टेकून पाच मिनिटं म्हणून डोळे मिटत. त्या दोन तासांत घरात आम्ही दोघंच जागे, यंत्र आणि मी.

थर्मोस्टॅट टक् करून बंद झाला. टक् करून सुरू झाला. मग मी पुढच्या टक्ची वाट पाहू लागले.

तो आला नाही.

मी वाट पाहिली. चादरी फिरत होत्या. आच वाढत होती. थर्मोस्टॅटची पट्टी चिकटून बसली होती आणि पहारेकरी उघड्या डोळ्यांनी गाढ झोपला होता. माझ्या अंगावरचं प्लास्टिक मऊ पडायला लागलं. खालच्या कोपऱ्यात साचलेल्या तुसाला करपट वास येऊ लागला. माझ्या शेजारचा तो मुका फ्यूज मला आठवण करून देत होता की असा दिवस त्याच्यावरही आला होता, आणि तेव्हा त्याने काय करायचं ते केलं होतं. एका क्षणात, गाजावाजा न करता. ज्याला मी नाजूकराव म्हणत होते तो या बारा मुलांसाठी एकदा तुटला होता. मी मात्र तशीच धडधाकट उभी होते आणि माझ्यातून वीज वाहत होती. मित्रांनो, त्या वेळी मला माझी जितकी लाज वाटली तितकी आजवर कधी वाटली नाही.

इकडे काका कुठे होते, ते मला मागाहून त्यांच्याच तोंडून कळलं.

ते अकरा दिवस दवाखान्यातच होते. मुलीला मुलगी झाली होती, पण फार लहान आणि नाजूक. तिला काचेच्या पेटीत उबेला ठेवलं होतं. दुकान बंद होतं, पिशवी घराच्या कोपऱ्यात पडून होती. काका दिवसभर त्या पेटीसमोर उभे राहायचे. त्या दुपारी पेटीतून अचानक पीं पीं आवाज आला आणि तिच्यावरचा दिवा बदलला. काकांनी हाक मारली. परिचारिका आली, तिने एक बटण दाबलं आणि शांतपणे सांगितलं,

"घाबरू नका आजोबा. ऊब जरा जास्त झाली की ही पेटी आपोआप थांबते. थांबते म्हणूनच तर बाळाला हिच्यात ठेवतो."

काकांनी सुस्कारा टाकला आणि किती वाजले ते पाहायला मनगट वर केलं. एक वाजून पंचवीस मिनिटं. पण नजर घड्याळावरच थिजली. शेवटच्या वेळी घड्याळ आपण स्वतः उचललं नव्हतं, हे त्यांना आठवलं. ते मावशींच्या हातातून घेतलं होतं. मग तार? तार काढल्याचं काही केल्या आठवेना.

त्यांनी मावशींना फोन लावला. एकदा, दोनदा, नऊ वेळा. फोन मुलांच्या उशाशी मुक्याने उजळत आणि विझत राहिला.

काका स्कूटर काढून सुटले. दाराशी आले तर समोर ती पाटी. त्यांचा हात घंटेकडे गेला होता, पण घंटा बंद आहे हे त्यांच्या लक्षात आलं, आणि त्याच वेळी करपट वास त्यांच्या नाकात शिरला. दार ठोठावून, उघडेपर्यंत थांबून, समजावून सांगण्यात जाणारा वेळ त्यांना नको होता. ते धावत जिन्याखाली गेले. तिथे चार घरांचे चार मेन स्विच होते. कुठला कुणाचा हे सांगणाऱ्या चिठ्ठ्या कधीच पुसट झाल्या होत्या. काकांनी विचार केला नाही. एकामागून एक चारही खाली ओढले.

माझ्यातून वाहणारी वीज थांबली. मला वाटलं, मी तुटले. पण तुटले नव्हते. तुटून थांबणं माझ्या नशिबात नव्हतं, कुणीतरी बाहेरून थांबवलं तेव्हाच मी थांबले.

सगळ्या घराचे पंखे बंद पडले. उकाड्याने एक मूल कुरकुरलं, दुसरं उठलं, आणि मग बाराच्या बारा मुलं एकदम भोकाड पसरून रडू लागली. शिवाय त्या इमारतीतली बाकीची माणसं, वीज कुणी घालवली म्हणून ओरडत बाहेर आली. असा गोंधळ मी आयुष्यात ऐकला नव्हता आणि असा गोड आवाजही ऐकला नव्हता. रडत होती, म्हणजे सगळी होती.

मावशी दार उघडून रागाने काहीतरी बोलणार होत्या. काकांनी त्यांना बोलू दिलं नाही.

"आधी मुलं अंगणात घ्या. सगळी. मग मला काय बोलायचं ते बोला."

त्यांचा चेहरा बघून मावशी तशाच आत वळल्या. त्यांनी दोन कडेवर घेतली, आजोबांनी दोन हातांना धरली, मघाशी भांडायला आलेल्या शेजाऱ्यांनी उरलेली उचलली. मावशींनी मोठ्याने मोजली. बारा. पुन्हा मोजली. मग काका आत आले. त्यांनी प्लग काढला, यंत्राचं दार बंदच ठेवलं आणि हातात ओली चादर घेऊन ते पत्र्याला हात लावत उभे राहिले, आच पूर्ण उतरेपर्यंत.

पत्रा उघडला तेव्हा तुसाच्या ढिगाची एक कड जळून तांबूस झाली होती. माझं आवरण वितळून मेलेल्या फ्यूजला चिकटलं होतं. काकांनी आम्हा दोघांना एकत्रच बाहेर काढलं. त्यांना वाटलं असतं तर मला मुठीत लपवता आलं असतं. फ्यूज खराब निघाला म्हणाले असते, तरी कुणाला काय कळणार होतं? पण ते मला तळहातावर घेऊन अंगणात गेले आणि सगळ्यांसमोर म्हणाले,

"मावशी, चूक माझी आहे. ही तार मी आत विसरलो. अकरा दिवस तुमचं यंत्र राखणीशिवाय चाललं."

मावशींनी माझ्या वितळलेल्या आवरणाला बोट लावून पाहिलं. मग हळू आवाजात म्हणाल्या, "घड्याळ मीच आणून दिलं होतं तुम्हाला."

"तुम्ही चांगल्या मनाने दिलंत. ते का काढून ठेवलंय हे मी तुम्हाला सांगितलं नव्हतं."

आजोबा पायरीवर बसले होते. त्यांच्या सदऱ्याचं टोक अजून त्या पोरीच्या मुठीत होतं. मावशी त्यांच्याजवळ गेल्या आणि म्हणाल्या की बाबा, तुम्ही तीनदा सांगितलंत, मी ऐकलं नाही. त्या दिवसापासून कापडाच्या बाबतीत त्या घरात त्यांचा शब्द शेवटचा.

दुसऱ्या दिवशी काका आले ते नवा फ्यूज, नवा थर्मोस्टॅट आणि लांब दांडीचा ब्रश घेऊन. पाइपातून एवढं तूस निघालं की त्यात एक उशी भरली असती. शिवाय तीन मोजे निघाले, तिन्ही डाव्या पायाचे वाटावेत असे एकमेकांशी न जुळणारे. काकांनी मावशींना जाळी कशी काढायची, कशी पुसायची ते दाखवलं. कपडे गरजेपेक्षा जास्त तापले, उशिरा वाळले किंवा अचानक फार लवकर वाळले, तर यंत्र बंद करून आधी कारण शोधायचं, असं बजावलं. झोपेच्या वेळी घाणा लावायचा नाही, हे मात्र मावशींनीच ठरवलं. दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो.

काकांनी स्वतःसाठी नवी तार केली. आता ते घड्याळ यंत्रावर ठेवत नाहीत. त्या तारेला लांब दोरी बांधली आहे, ती पत्र्याबाहेर लोंबते, आणि तिच्या टोकाला ते घड्याळाचा पट्टा अडकवतात. कुणी चांगल्या मनाने घड्याळ आणून द्यायला गेलंच तर त्याच्यामागून तारही ओढली जाते.

मला त्यांनी टाकून दिलं असतं. मावशींनी मागून घेतलं आणि या खिळ्याला लावलं. तेव्हापासून मी इथे आहे. प्रत्येक घाण्यानंतर आजोबा जाळी काढतात, तूस सोलून एका डब्यात टाकतात. तुसाचा तो गोळा मुलांना उंदीर वाटतो. सगळं कसं व्यवस्थित चाललं आहे. तरी मला चैन पडत नाही. यंत्र सुरू झालं की मी टक् मोजायला लागते.

त्यात भर म्हणजे आठ महिन्यांनी काकांची लेक कामावर जाऊ लागली आणि काकांची नात याच पाळणाघरात यायला लागली. काकांना दुसरी जागा सुचवणारे पुष्कळ होते. ते म्हणाले की ज्या घराने एकदा दचकून डोळे उघडले तिथेच मला पोर ठेवायची आहे. आता ती भिंतीपलीकडच्या खोलीत झोपते, आजोबांच्या सदऱ्याच्या दुसऱ्या टोकाला धरून. मग सांगा, मी स्वस्थ कशी राहू?

परवाची गोष्ट. दुपारचे साडेबारा. झोपेच्या आधीचा शेवटचा घाणा चालू होता. मी मोजत होते. मध्येच यंत्राने एक हलकासा हुंकार दिला आणि ते थांबलं. दिवा गेला, फिरणं थांबलं, आत चादरी धप्पकन खाली पडल्या.

मावशी आल्या. त्यांनी बटण दाबून पाहिलं नाही. आधी प्लग काढला, मग पत्र्यावर हात ठेवला. पत्रा गरम होता. आजोबा दारात येऊन उभे राहिले.

"थांबलं, बाबा," मावशी म्हणाल्या.

"शहाणं आहे," आजोबा म्हणाले.

मावशींनी काकांना फोन केला. काका आले. भिंतीबाहेर जिथे पाइपाचं तोंड निघतं तिथे एका पाखराने दोन दिवसांत काड्यांचं घरटं रचलं होतं आणि गरम हवेची वाट अडवली होती. अंडी नव्हती अजून. काकांनी घरटं उचलून झाडाच्या बेचक्यात ठेवलं, पाइपाच्या तोंडाला जाळी लावली आणि तुटलेला फ्यूज बाहेर काढला. नवा उद्या आणतो म्हणाले. नवी तार पिशवीतच राहिली, ती लावून दाखवा असं कुणी म्हटलंही नाही. तुटलेला फ्यूज मावशींनी माझ्या शेजारी खिळ्याला अडकवला. मी त्याला नाजूकराव म्हटलं नाही.

मित्रांनो, तुमच्याही घरात कुठेतरी असा एखादा छोटासा पांढरा तुकडा निमूट बसलेला असेल. तो एखाद्या दिवशी तुटला तर त्याच्यावर चिडू नका, आणि त्याच्या जागी माझ्यासारखीला बसवून मोकळे होऊ नका. तो का तुटला ते मोठ्या माणसांना शोधायला लावा. जाळी रोज साफ करायची आठवण करा. घरातलं कुणी म्हातारं माणूस तीनदा एकच गोष्ट सांगत असेल तर पहिल्यांदाच उठून बघा. मी कधी तुटत नाही, याचंच तर मला भय वाटतं.

त्या दुपारी ओल्या चादरी खोल्याखोल्यांतून दोऱ्यांवर टपकत होत्या. भिंतीपलीकडे मावशींनी मुलं मोजली, ती तेरा भरली. सगळी झोपली. पंख्याचा वारा या खोलीपर्यंत येत होता, पण मी खिळ्यावर अजिबात हलले नाही.